चर्र

डॉक्टरीणबाईंनी लिहून दिलंय: तळण बंद.
दोन शब्द. खाली रेघ. रेघेखाली आणखी एक रेघ.
तो कागद मी फ्रिजवर चुंबकानं लावलाय
आणि तू, एल्सवर्थ, त्याच्यासमोरून जाताना
टोपी काढतोस,
मयतासमोर काढतात तशी.

सकाळी कर्विन धक्क्यावरून रॉकफिश देऊन गेला.
पैसे नकोत म्हणाला. मग घेतले.
मासा अजून ताठ होता,
डोळा इतका स्वच्छ की त्यात माझी खिडकी दिसली,
खिडकीतून समोरच्यांचं पांढरं छप्पर, पायऱ्यापायऱ्यांचं.
तुकड्यांवरून बोट फिरवलं, उलटं, मग सुलटं.
काटे काढले भुवयांच्या चिमट्यानं.
तो आता माशाचाच झालाय,
सत्तरीनंतर भुवया बघायला येतंय कोण?

ओट्स भरडले. जाडसरच.
टाकीजवळची थाइम, मिरपूड, लिंबाची साल किसून.
अंड्याचं फक्त पांढरं.
दही रात्रभर फडक्यात टांगलं होतं,
त्यात खारवलेली काकडी बारीक चिरून,
आणि शेरीत मुरलेल्या मिरच्यांचे चार थेंब.
(पाच. चार तुला सांगायला.)
कोबी कच्चाच, केसासारखा.
कांदा तू चिरलास, म्हणजे चिरायला बसलास
आणि मला सांगत राहिलास कसा चिरतात.
नाकानं कांदे सोलणारा नवरा
आजारपणातही बरा होत नाही.

पाव मात्र तोच, मनुकांचा.
जहाजातून उतरणारे हसतात, मासा आणि मनुका?
हसू देत.
ज्यांना समुद्र फक्त खारट लागतो
त्यांच्याशी काय वाद घालायचा.

ट्रे आत सरकवला. चौदा मिनिटं.
ओव्हनचा दिवा लागला, आणि मग काहीच नाही.
नळ नाही, वारा नाही. भिंतीवरचं घड्याळ.
तू मान वर केलीस.
"मासा कुठंय?"
ओव्हनात.
"मग घर एवढं गप्प का?"

मला वाटलं होतं, तुला तेलाची चव आठवते.
नाही रे.
पायलट बोटीवरून तू रात्री-बेरात्री यायचास,
मोठी जहाजं खडकांतून आत आणून,
ओले बूट हातात धरून चढण चढायचास,
आणि वळणावर थांबायचास. हे आज सांगतोयस,
शेहेचाळीस वर्षांनी, कांद्याच्या सालींपुढं बसून!
पॅनचा आवाज आला, की कळायचं,
व्हर्लीन रागावून झोपलेली नाही.
आला नाही, तर अजून जरा वेळ
भिंतीवर बसून राहायचास, अंधारात.

किती रात्री बसलास, मी विचारलं नाही.
एक मला ठाऊक आहे.
त्या रात्री मी जागीच होते.

कपाटाच्या तळाशी ढकललेलं
तुझ्या आईचं काळं बिडाचं पॅन
दोन्ही हातांनी बाहेर काढलं. मनगट कुरकुरलं.
कोरडंच चढवलं चुलीवर. तेलाचा टिपूससुद्धा नाही,
तो कागद साक्षीला होता.
धूर यायच्या आधी
टाकीच्या पाण्यात बोटं बुडवून झटकली.

चर्र.

तू डोळे मिटलेस.
पुन्हा झटकली. चर्रर्र.
थेंब पळत सुटले, एकमेकांवर आपटले, संपले.
मग त्याच तव्यावर पाव, कापलेली बाजू खाली,
मनुका फुगून करपायच्या बेतात.
त्यावर मासा, कोबी, दही. वरचा पाव दाबून बसवला
तळहातानं, पाकीट बंद करतात तसा.

तू दोन्ही हातांनी धरलंस.
दही मनगटावरून कोपरापर्यंत गेलं.
"कोरडा झालाय," म्हणालास.
दुसरं अर्ध माझ्या ताटातून उचललंस.
चावता चावता, तोंड भरलेलं असताना,
माझ्याकडं न बघता:
"रविवारी पाणी जरा जास्त टाक."