भाक

हेरफर्डच्या दप्तरखान्यात मी खटले उतरवून काढते,
बिशपच्या कचेरीतले, पाचशे वर्षांपूर्वीचे.
शाई तपकिरी पडलेली. चर्मपत्राला अजून
ओल्या मेंढराचा वास.
सगळं लॅटिन; पण साक्षीदार चिडला
की कारकून थकतो, आणि तो बोलला तसंच लिहितो.

इमट नावाची बाई, लेम्स्टरची, लोकर विंचरणारी.
नाशपतीच्या झाडाखाली ह्यूनं तिला शब्द दिला
आणि एक हातमोजा. डावा.
उजवा लग्नानंतर, म्हणाला.
सप्टेंबर संपता संपता त्यानं गिरणीवाल्याची मुलगी केली.

तुझं म्हणणं काय, तिला विचारलं.
कारकुनानं लॅटिनात एक शब्द लिहिला, खोडला,
दुसरा लिहिला, तोही खोडला,
आणि शेवटी तिचाच ठेवला:
अनट्रोथ.

प्रॉसर म्हणाले, शब्दसूचीत घ्या.
अर्थ, एका ओळीत. आणि वापराचं एक उदाहरण.
मग पेन्सिलला टोक काढत बसले.

मला आधी मराठीत कळलं की इंग्रजीत लिहिता येतं.
बेइमानी? ती नोकर गल्ला घेऊन पळाला की म्हणायची.
विश्वासघात म्हणावं, तर घातात कुणीतरी मेलं पाहिजे.
इमट मेली नाही. एका हाताला ऊब, एक हात गार,
तशी कोर्टापर्यंत चालत आली.
फितुरी किल्ल्यावर होते, दगा मैदानात.
बदफैली हा तर शेजारणींचा शब्द,
कुंपणावरून आत टाकलेला.

ट्रोथ म्हणजे खरेपणा, आणि ट्रोथ म्हणजे दिलेला शब्द:
ही दोन अजून वेगळी राहायला गेली नव्हती तेव्हाचा.
आता एकटा कुठं फिरत नाही तो.
साखरपुड्याच्या इंग्रजी शब्दात तेवढा दडून बसलाय.

आमची भाक तशीच.
नुसती भाक आता कोण कुणाला देतं?
आणाभाकांमध्ये आणेचा हात धरून ती उरली.
आणि ती मोडली, तर त्या मोडण्याला नाव नाही.
शब्द फिरवला, म्हणतो आपण,
जणू तो नुसता पाठ करून बसलाय,
हाक मारली की वळेल.

काल रात्री मी दुसरा एक कागद भरला, पडद्यावर.
घटस्फोटाचा अर्ज. इथं आता कारण विचारत नाहीत.
संबंध मोडला आहे, एवढ्यावर एक टिकली करायची.
कुणी मोडला, याला चौकट नाही.
मी ती शोधत राहिले, वर, खाली, पुन्हा वर.
किटली तो मागच्या शनिवारीच घेऊन गेला.
तिच्या जागी ओट्यावर एक पांढरं वर्तुळ आहे,
घासलं तरी जात नाही.

नाशिकला, मांडवात, भटजींनी त्याच्याकडून
तीनदा म्हणवून घेतलं: नातिचरामि.
मला कुणी म्हणायला लावलंच नाही.
मी तेव्हा नथ सावरत होते.
पुढं कितीदा तरी हे माझ्या उपयोगी पडलं,
की मी काही म्हटलं नव्हतं.
ब्रिस्टलच्या गाडीत, परत येताना, खिडकीकडे तोंड करून,
मी काही म्हटलं नव्हतं.

दुपारी ओळ लिहिली.
अनट्रोथ: दिलेल्या, किंवा दिला असं समोरच्यानं धरलेल्या,
शब्दाशी खोटं वागणं.
प्रॉसरनी मधला भाग वाचला, पुन्हा वाचला.
हा अर्थ कुठल्या खटल्यावरून काढला?
मी म्हटलं, तो काढून टाका.
त्यांनी काढला नाही. शेजारी पेन्सिलनं
लहानसं प्रश्नचिन्ह केलं, पुसता येईल असं,
आणि चहा आणायला गेले.

उदाहरणाची जागा मी रिकामी ठेवली.

निकालाचं पान उंदरांनी खाल्लंय.
कडेला कारकुनाची एक ओळ तेवढी शाबूत:
हातमोजा परत केला.
कुणी, कुणाला,
लिहिलेलं नाही.