परत पाठवल्याच्या विरोधात

फाईल शिवणं हे माझं काम.
दाभण, पांढरा दोरा, लाल फडकं.
जिल्हा न्यायालय, नागपूर, तळमजल्याची खोली,
जिथं कूलर आहे पण कागदांना ओल चालत नाही
म्हणून मे महिन्यातसुद्धा बंद.

निकालाच्या दिवशी उमरेडहून कौतिकाबाई हेडाऊ आल्या,
एका पिशवीत पाणी, दुसरीत उन्हाची छत्री.
दावा एका भिंतीचा.
अलीकडे यांचा हातमाग, पलीकडे दिराचा,
आणि ती भिंत कोणाच्या जागेत, कोणत्या साली उभी राहिली,
एवढंच. अकरा वर्षं.

"काऊन भाऊ, जिंकलो का हरलो?"

आम्ही शेवटचं पान आधी वाचतो, सवय आहे.
अपील मंजूर. खालचा निकाल रद्द.
प्रकरण उमरेडच्या कोर्टाकडे परत,
कारण मुद्दा क्रमांक सहा तिथं कोणी काढलाच नव्हता.
म्हटलं, बाई, तुमचं हरणं रद्द झालं.
जिंकणं अजून दिलेलं नाही.

त्या बाकावर बसल्या. बराच वेळ.
मग म्हणाल्या,
"धोटा बी परतच येते, भाऊ.
पण आला का कापडात एक तार वाढते."

मी काही बोललो नाही.
सोळा वर्षं पाहतोय,
परत गेलेली फाईल जाड होऊन येते,
माणूस बारीक होऊन.

बाहेर कडुलिंबाखाली घाटोळे वकील
समोसा फोडत समजावत होते:
परत पाठवल्याच्या हुकमावर अपील होते का?
होते बी, नाही बी.
आदेश एक्केचाळीस.
नियम तेवीसनं पाठवलं, तर होते.
पंचवीसनं नुसतं एका मुद्द्याचं उत्तर मागवलं, तर नाही.
"आन् आपल्या हुकमात?"
वकिलांनी तेलकट बोटांनी पान धरलं, उलटलं, पुन्हा उलटलं.
नियमाचा आकडा साहेबांनी लिहिलाच नव्हता.

बाईंना अपील नकोच होतं.
त्यांना परत जायचं होतं, लवकर,
कारण ज्यानं ती भिंत घातली तो झनकलाल मिस्त्री
एक्क्याण्णव वर्षांचा होऊन अजून ओट्यावर बसतो,
आणि मुद्दा क्रमांक सहाचं उत्तर
गावात त्याच्याशिवाय कोणाजवळ नाही.

मी त्याच आठवड्यात गठ्ठा बांधला.
जावक रजिस्टरात 'उमरेड' लिहिलं, जरा ठळकच.
पण गठ्ठे न्यायची गाडी बिघडली, मग बाबू सुटीवर गेला,
मग कोणीतरी म्हणालं, पृष्ठांकन चुकलंय, सोडा.
सोडला. पुन्हा शिवला.

नव्वद दिवसांची मुदत. त्र्याऐंशीव्या दिवशी
दिरानं हायकोर्टात अपील टाकलं.
होतं की नाही हा प्रश्न नंतर बघू, म्हणाले,
तोवर स्थगिती.
कागद मागवले गेले.
उमरेडला निघालेला गठ्ठा
सिव्हिल लाइन्समधल्या सिव्हिल लाइन्समध्येच गेला.
मी 'उमरेड' खोडलं. रेघ सरळ आली नाही.

परवा बाई नकलेसाठी आल्या होत्या.
पिशव्या त्याच, छत्रीची एक काडी बाहेर आलेली.
मी विचारलं, मिस्त्री कसे आहेत?

"हायेत. जेवण कमी झालं.
मी सांगून ठेवलं त्याईले,
तारीख लागेस्तोवर मरायचं नाही म्हणून."

"मग?"

"मग काय. हसले.
म्हणे, हुकूम लेखी दे पोरी,
आन् आधी सांग,
याच्यावर अपील होते का?"