बिहागरी

दिंडोरीच्या मळ्यात द्राक्षांची कलमं बांधायला आलेला रामिरो
भर दुपारी विचारत विचारत तांबट लेनमध्ये शिरला,
काखेत काळी चौकोनी पेटी,
आमच्या पेटीची लांबची कुणी चुलतबहीण.
हिंदी त्याला मुकादमानं शिकवलेलं, म्हणजे निम्म्या शिव्या.
उरलेल्या निम्म्यात म्हणाला,
बांदोनेऑन. इथल्या उन्हात घसा बसलाय तिचा.

मी स्क्रू काढले. गंज, जुनं मेण,
आणि कुणीतरी कधीतरी ओढलेल्या सिगारेटची राख.
चिमट्यानं एकेक सूर सोडवताना कळलं,
बटण तेच,
पण भाता उघडताना एक सूर,
मिटताना दुसराच.
सासऱ्यांनी शिकवलं त्यात हे नव्हतं.
आमची पेटी सरळमार्गी बाई,
जाताना येताना एकच बोलते.

तपासायला म्हणून तो गायला,
एक पाय माझ्या स्टुलावर, पेटी मांडीवर.
टँगो, म्हणाला. हा नाचायचा नाही, ऐकायचा.
भाषा कळली नाही.
पण ओळ संपता संपता शब्द अर्धा गिळून
तो थांबायचा, ती जागा माझ्या ओळखीची.
विश्वंभर तिथंच अडायचा.

पावतीपुस्तकाच्या कोऱ्या पाठीवर लिहायचा तो,
माझ्यावर, मला न सांगता.
एकदाच वाचून दाखवलं, सोमेश्वरच्या धबधब्याशी,
म्हणजे ऐकू येणार नाही अशी सोय करून.
मी ओठांवरून वाचलं.

*तू दार ओढून माहेरी गेलीस
आणि बिजागरी रात्रभर
तुझ्या बाजूनं बोलत राहिली.*

अकरा वर्षांत कुणाला म्हणून दाखवलं नव्हतं.
त्या दुपारी का म्हटलं, माहीत नाही.
रामिरोनं अर्थ विचारला नाही,
मीही त्याचा विचारला नव्हता.
एकच शब्द त्यानं उचलला, भात्यात घातला,
पण त्याच्या जिभेला *ज* जड,
बिजागरीची झाली बिहागरी,
उघडताना विचारणारी,
मिटताना ऐकून घेणारी.
भरदुपारी दुकानात बिहाग.
समोरच्या तांबटाची हातोडी
हंड्यावर यायची ती वरच राहिली.

दोन सूर अजून बोलत नव्हते.
म्हटलं, राहू देत.
गोडी छाटणीला येशील ना, तेव्हा बघू.
तो हसून पाकीट काढू लागला.
मी साडेआठशेची पावती फाडली,
सवयीनं उलटी करून पाहिली,
कोरी होती,
तरी द्यायला जरा वेळ लागला.