रिकामी नोंद

कॅन्ससमध्ये रस्ते पट्टीने आखलेले,
मैलाला एक चौक, चौकाचौकात वारा.
व्हर्ना श्ट्रोबेलने ट्रकचे लोखंडी पाय
गव्हाच्या कडेला रोवले.
रडारची थाळी फिरू लागली.
पाच वाजून बारा मिनिटं. दक्षिणेची दमट हवा
मानेवर कुणी श्वास टाकावा तशी.

ड्वेनने फुगा सोडला. तिरपा गेला,
ढगाच्या पोटात गडप.
पडद्यावर आकडे चढू लागले:
उष्मा, ओल, उंचीगणिक वाऱ्याचं वळण.
सगळं हवं तसं.
इतकं हवं तसं, की कुणी बोलेना.

कुंपणापाशी पिकअप थांबली.
एल्फ्रीडा उन्रू, शेजारी कुत्रा, मांडीवर किल्ल्या.
"तळघरात जाऊ, की भट्टीतला पाव बघू?"
व्हर्नाकडे बावीस वर्षांचा अभ्यास, चार ट्रक,
आणि उत्तर एकच: "सांगता येत नाही."
"माझा बापही हेच म्हणायचा," बाई हसली,
"फुकटात."

मग ढग फिरू लागला, नुसत्या डोळ्यांना दिसेल इतका,
कुंभाराने हात काढल्यावरही चाक फिरावं तसा.
खाली काळी भिंत उतरली.
गारा बोनेटवर,
गेल्या वर्षीच्या पोच्यांत नवे पोचे.
व्हर्ना म्हणाली, "आता."
सात मिनिटांनी पुन्हा म्हणाली, "आता."
तिसऱ्यांदा काही म्हणाली नाही.

दारापर्यंत येऊन, बेल न वाजवता
माणूस परत फिरतं,
तशी भिंत वर गेली.
पूर्वेला स्वच्छ, जवळजवळ निर्लज्ज उजेड.

आणि चाळीस मैल मागे,
त्याच हवेत, त्याच वळणावर,
ज्याच्याकडे कुणी पाहिलंही नव्हतं त्या ढगाने
सोंड टेकली. तीन मिनिटं.
धान्याच्या कोठाराचं छप्पर
ओढ्याकाठच्या झाडांवर वाळत घातलं.
तिथे मोजायला कुणी नव्हतं.

रात्री मोटेलच्या खोलीत ड्वेनने विचारलं,
"आजचं पुसून टाकू? जागा भरलीय."
"आधी हेच ठेव," व्हर्ना म्हणाली,
"घडलं नाही, ते नीट ठेव."
तक्त्यात 'जमिनीला टेकला?' पुढे 'नाही' लिहिलं.
'कारण'चा चौकोन बोटाच्या पेराएवढा.
पेन्सिल बराच वेळ त्याच्यावर.

मग ती बाहेर गेली, ट्रकच्या जाळीतून
गव्हाच्या ओंब्या उपटत बसली.
एक कुसळ अंगठ्यात गेलं.
दिव्याखाली धरून
ती ते शोधत राहिली.