षष्ठी

वनस्पती-संग्रहालयात पंखा लावता येत नाही,
कागद उडतात.
डांबरगोळ्यांच्या वासात, पुण्याच्या मे महिन्यात,
दीडशे वर्षांपूर्वी वाळलेल्या एका वेलीचं
लॅटिन वर्णन मी मराठीत आणते आहे.

पाकळ्या, पुंकेसर, सगळं आलं.
नावाशी अडले. ब्रॅडस्टॉकी.
म्हणजे कॅप्टन ब्रॅडस्टॉकचा, ची, की चं?
लॅटिनची षष्ठी मालकाचं लिंग बघते:
बाप्या होता की बाई, एवढंच.
आपली कॅप्टनकडे पाठ करून
वस्तूलाच विचारते,
तू कोण गं? वेल? मग ची.
फूल असशील तर चं.

लेबलावर खाली, फिक्या शाईत,
पुरंदरची उतरण. हमाल एक, दोन आणे.
कड्यावरून कंद उकरला तो त्यानेच असणार;
डाव्या कोपऱ्यात मातीचं बोट उमटलंय
अजून.

चहा इथे आणायचा नसतो.
तरी आणलेल्या भिवराबाई खांद्यावरून वाकतात:
"खरपुडीच की! हिचा कंद
आम्ही कच्चाच खायचो, शेरडांमागं."

मी नावापुढे पेन्सिलीने प्रश्नचिन्ह करते
आणि कप त्या बोटावर टेकू नये म्हणून
हात आडवा धरते.