आतला कागद

रावपुऱ्यात टॉवरच्या पलीकडे, चष्म्याच्या दोन दुकानांमध्ये
दबून बसलेलं माझं दुकान. नावं कोरतो.
पितळेवर, अ‍ॅक्रिलिकवर. डॉक्टर, वकील, कै. अमुक यांच्या स्मरणार्थ.
पँटोग्राफचं एक टोक मोठ्या अक्षरावरून फिरतं,
दुसरं तेच अक्षर बारीक करत जातं,
मोठ्यानं ऐकलेलं कुणाच्या कानात पुटपुटावं तसं.

माळ्यावर या यंत्राचा पणजोबा आहे.
सागवानी चौकट, हनुवटी टेकायला खाच,
बोटभर पितळी काडी, कोपरात दुमडणारे चार हात.
तुळाजी पांचाळानं तो कुठल्याशा विलायती चित्रावरून बनवला.
चित्रात मापं नव्हती,
म्हणून पहिल्या महिन्यातली सगळी माणसं
जराशी घोड्यासारखी निघाली, असं दुकानात सांगत आलेत.

काडी कपाळावरून निघायची,
नाकाच्या शेंड्यावर तोल सांभाळायची,
ओठांच्या दोन पायऱ्या उतरून हनुवटीखाली थांबायची.
‘हसू नका,’ तुळाजी म्हणायचा, ‘यंत्राला गुदगुल्या होतात.’
वर चार पदरी घडीच्या कागदावर
सुई तीच वाट अंगठ्याएवढी करून चालायची.
मग कात्री. दोन आण्यांत चार प्रती.

इथे मी नेहमी अडतो.
कातरायचं ते आतलं.
चेहरा खाली गळून पडायचा
आणि गिऱ्हाईक घेऊन जायचं ते भोक.
मागे काळं सॅटिन लावलं की भोकात माणूस दिसे.
शहरभर दिवाणखान्यांत पोकळ्या टांगल्या गेल्या,
डोकी राहिली पेटीत.

पेटी उघडली यंदा, उत्तरायणाच्या आदल्या दिवशी.
पांढरी, पिवळी पडलेली शेकडो डोकी,
सगळी एकाच दिशेला बघणारी, जणू तिकडून कुणी हाक मारलीय.
एक दुहेरी हनुवटी, नक्की कचेरीतली.
एका पोराची रेघ गालापाशी उडालेली; शिंकलं असणार.
जिग्नेश, माझा हाताखालचा, म्हणाला,
‘आनी पतंग बने, काका?’
कागद चांगला होता. बनलीही असती.

बायकांसाठी पडद्याआड काडी फिरवायची ती सगुणा, तुळाजीची बायको.
तिनं काही डोक्यांच्या पाठीवर पेन्सिलीनं लिहून ठेवलंय.
अक्षर नवशिकं, ओळ सोडून चढणारं:
‘नथीत काडी अडकली. उचलून पुढे नेली.’
त्या चेहऱ्याच्या नाकाशी
तांदळाएवढी रेघ नाहीच.
कात्रीनं तिथे अंदाजानं वाट काढलीय.

पेटीच्या तळाशी दुसरी घडी.
‘तीच बाई. काडी कुठेही अडली नाही.’
पुढे काही नाही. पूर्णविराम मात्र इतका दाबून दिलेला
की कागद आरपार.

ट्यूबलाइटसमोर मी दोन्ही एकावर एक धरले.
कपाळावर कपाळ. ओठांवर ओठ.
हनुवटी केसभर खाली आलेली,
मान झुकली की येते तशी.

पहिल्या घडीची चारही डोकी पेटीत आहेत.
दुसरीची तीन.
पेटी दोनदा पालथी घातली, झुरळाची अंडी निघाली, एक बटण,
चौथं नाही.
म्हणजे त्या दिवशी पडद्याआड कुणीतरी
भोक नको म्हणालं,
खाली पडलेलं मागून घेतलं.
किंवा सगुणानंच ठेवून घेतलं, कोण जाणे.

हे सगळं काउंटरवर पसरलेलं असताना
पाटी न्यायला आलेल्या बाईंनी विचारलं, ‘आ कोण छे?’
आयुष्यभर नावं कोरली,
आणि हातात हे.
‘खबर नथी,’ म्हणालो,
आणि तो शब्द तोंडातून गेल्यावर मलाच ऐकू आला.

त्यांची पाटी अजून व्हायची आहे.
‘स्मरणार्थ’चा रफार बसत नाही,
सुई तिथे येऊन उडते.
उचलून पुढे नेतो.