आवळ्याचा डोळा

एकतीस वर्षं मार्केट यार्डात मी आवळा तोलला.
डाग उतरवले, घट धरली, पट्टी लिहिली,
पण एक आठळी कधी फोडून पाहिली नाही.

रिटायर झालो त्या पौषात
मोरावळ्याच्या पातेल्यातून बिया उचलल्या, पेरल्या,
महिनाभर पाणी घातलं.
बायको म्हणाली, उकडलेलं उगवत नाही,
मला विचारलं असतं तरी चाललं असतं.

मग पाव किलो कच्चे आवळे
बिबवेवाडीच्या आमच्या गच्चीवर, टाकीशेजारी, सुपात.
गर सुकून चामडं झाला.
एका दुपारी टक् करून आठळी आपली आपणच उकलली:
तीन कप्पे, कप्प्यात दोन-दोन बिया,
भांडण न होता झालेली वाटणी.

रात्रभर पेल्यात ठेवल्या.
तरंगल्या त्या फेकल्या, बुडाल्या त्या घेतल्या.
जड ते खरं, एवढं तर मला येत होतं.
श्रीखंडाच्या डब्यांना तापल्या खिळ्यानं भोकं पाडली,
माती, शेणखत, मूठभर वाळू.
अठराव्या दिवशी मातीतून वर आला
वाकलेला, हिरवा,
हुबेहूब तराजूचा आकडा.
त्याला काय लटकवायचं होतं कोण जाणे.

वर्षात पाच रोपं पेन्सिलीएवढी झाली.
तळमजल्यावरचे दस्तगीर बागवान बोटांनी चाचपून म्हणाले,
बियाचं झाड आईवर जाईलच असं नाही.
आठ-दहा वर्षं थांबाल आणि बोराएवढं फळ याल घेऊन.
डोळा भरावा लागेल.

तरुणपणी ते सासवडच्या मळ्यांतून डोळे भरत,
दिवसाला दीडशे.
आता हात कापतो,
उजव्या डोळ्याचा मोतीबिंदू काढलाय, डावा बाकी आहे.

त्यांच्या मेव्हण्याचं झाड दिवेघाटाखाली, वडकीला.
तिथून करंगळीएवढी काडी
ओल्या गोणपाटात गुंडाळून, डब्यात घालून,
बसमध्ये मांडीवर धरून मी आणली.
शेजारचा म्हणाला, काय आहे एवढं?
काडी, म्हणालो.

पातं माझ्या हातात, माझं मनगट त्यांच्या हातात.
पोस्टाच्या तिकिटाएवढी साल.
हळू. लाकडाला लागू नका.
डोळा वर बघतोय ना? उलटा बसवाल.
हे विचारताना ते स्वतः बघत होते
भलतीकडेच, जिन्याखालच्या रंगाच्या डब्यांकडे.

पाचांत चार डोळे काळे पडले.
एक फुगला, तांदळाच्या कणीएवढा.
त्यांना वर आणलं, जिन्यात दोनदा टेकले.
बोट लावून म्हणाले, भरला.
मग बराच वेळ काही बोलले नाहीत.
मी कुंडीच्या काठाची माती नीट करत राहिलो.
सगळीच घट लिहायची नसते.

आता डोळ्याच्या वरचं सगळं छाटा, म्हणाले.
वर्षभर वाढवलेलं?
वर्षभर वाढवलेलं.
छाटलं.

आणि एकटा आवळा नीट धरत नाही हो,
जोडीला दुसरा लागतो, वेगळ्या वाणाचा.
हे त्यांनी शेवटी सांगितलं, सगळं झाल्यावर.
बाकीची चार मेली नव्हती,
परका डोळा तेवढा त्यांनी घेतला नव्हता,
खालून स्वतःची पालवी काढून उभी होती.
त्यातलं एक त्यांना दिलं.
ते आता तळमजल्यावर, स्कूटरशेजारी, रंगाच्या डब्यात.
माझं दुसऱ्या मजल्यावर, निळ्या पिंपात.
मी विचारलं, माशी एवढी वर चढेल?
तिचं ती बघेल, म्हणाले.

झाड गुडघ्याला लागलंय.
बायको विचारते, मोरावळा गुळाचा करायचा की साखरेचा,
आत्ताच सांगून ठेवा.
घरातला काटा मी भाच्याला देऊन टाकला.
त्याला भंगारासाठी हवा होता.